राजगुरू, रिंकू

राजगुरू, रिंकू : (३ जून २००१ – ). मराठी व हिंदी चित्रपटांतील, तसेच आंतरजालावरून घरपोच होणाऱ्या वेबमालिकांतील अभिनेत्री. मूळ नाव प्रेरणा. जन्म अकलूज (ता. माळशिरस, जि. सोलापूर) येथे एका शिक्षक कुटुंबात. शालेय शिक्षण चालू असतानाच नागराज मंजुळे दिग्दर्शित सैराट (२०१६) या चित्रपटाच्या नायिकेसाठी त्यांची निवड झाली. या पहिल्याच भूमिकेबद्दल त्रेसष्टाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्यांच्या अभिनयाचा विशेष उल्लेख करण्यात आला. मिळालेल्या अफाट प्रसिद्धीमुळे नियमित शाळेत जाणे अशक्य होऊन त्यांनी दहावीची परीक्षा २०१७ मध्ये बहिःस्थ विद्यार्थिनी म्हणून दिली. पुढील काळात कागर (२०१९), मेकअप (२०२०), झुंड (२०२२), आठवा रंग प्रेमाचा (२०२२), झिम्मा २ (२०२३) इ. चित्रपटांत आणि हंड्रेड (२०२०) या हिंदी वेबमालिकेत त्यांनी भूमिका केल्या. मराठी ग्रामीण नायिकेच्या परंपरेत त्यांच्या पहिल्या भूमिकेने घडवून आणलेला बदल आणि त्या बदलाचे पुढे काय झाले, हे दोन्ही प्रश्न मराठी चित्रपटाच्या अलीकडील इतिहासात महत्त्वाचे आहेत.

प्रादेशिक पार्श्वभूमी : रिंकू राजगुरू यांच्या अभिनयाचा विचार भीमेच्या खोऱ्यातील बोली व लोकजीवन वगळून करता येत नाही. पुणे जिल्ह्याच्या पूर्व भागातील शिरूर व दौंड हे तालुके या खोऱ्याचे वरचे अंग होत. शिरूर ऊर्फ घोडनदी हे गाव ज्या नदीकाठी वसले आहे, ती घोड नदी पुढे भीमेस मिळते. दौंड हे भीमाकाठचे मोठे रेल्वे-प्रस्थानक असून तेथून सोलापूरकडे जाणारा लोहमार्ग भिगवणवरून जेऊरला जातो. करमाळा तालुक्यातील जेऊर हे नागराज मंजुळे यांचे गाव आणि सैराटचे बरेचसे चित्रण याच करमाळा परिसरात झाले. दौंडच्या खालच्या अंगापासून करमाळ्यापर्यंत उजनी धरणाच्या जलाशयाचा फुगवटा पसरलेला आहे. अकलूजही याच ऊसपट्ट्यात मोडते. न्हावरे येथील घोडगंगा व पाटस येथील भीमा या सहकारी साखर कारखान्यांपासून अकलूजच्या कारखान्यापर्यंत शेती, सहकार, शिक्षणसंस्था व राजकारण यांची जी एकत्र वीण या भागात उभी राहिली, तीच सैराटमधील नायिकेच्या घराण्याची सत्ता आहे. त्यामुळे शिरूर-दौंडच्या प्रेक्षकाला तो चित्रपट परक्या मुलखातील वाटण्याचे कारण नव्हते. पडद्यावरील वाडा, महाविद्यालय, विहीर, केळीच्या बागा व व्यासपीठावरील भाषणे ही त्याच्या रोजच्या पाहण्यातली होती आणि नायिकेची भाषा तर थेट त्याच्या कानावरची होती.

याच परिसराला तमाशाचीही जुनी परंपरा आहे. पुणे-सोलापूर मार्गावरील चौफुला (ता. दौंड) हे गाव तेथील कलाकेंद्रांमुळे व त्यांत चालणाऱ्या संगीत बारीमुळे सर्वदूर माहीत आहे. शिरूर तालुक्यातील कवठे येमाई हे लावण्या व वगनाट्ये लिहिणारे बी. के. मोमीन कवठेकर (१९४७–२०२१) यांचे गाव. अकलूज येथील राज्यस्तरीय लावणी स्पर्धाही प्रसिद्ध आहेत. या भागात स्त्री कलावंताकडे पाहण्याची लोकांची दृष्टी तमाशाच्या फडाने व कलाकेंद्राच्या बैठकीने दीर्घकाळ घडविली. तिच्या कलेला दाद मिळे. पण तिच्या घरी सोयरीक जुळत नसे. मराठी चित्रपटाने हीच दृष्टी मोठ्या प्रमाणावर उचलली.

ग्रामीण नायिकेची परंपरा : लोकशाहीर राम जोशी (१९४७) व सांगत्ये ऐका (१९५९) या चित्रपटांतील हंसा वाडकर, त्यानंतरच्या काळातील जयश्री गडकर आणि पिंजरा (१९७२) मधील संध्या यांनी तमासगीर स्त्रीची व्यक्तिरेखा लोकप्रिय केली. या नायिकांना नृत्याची व शृंगाराची मुभा असे; परंतु कथानकाच्या अखेरीस त्याग किंवा प्रायश्चित्त हेच बहुधा त्यांच्या वाट्याला येई. दुसऱ्या बाजूला सोशिक कुलवधू व भोळीभाबडी शेतकरी मुलगी हे साचे होते. दादा कोंडके यांच्या सोंगाड्या (१९७१) व नंतरच्या चित्रपटांत उषा चव्हाण यांनी ग्रामीण नायिकेला ठसका दिला, तथापि तिचे स्थान नायकाच्या विनोदाला पूरक असेच राहिले. जैत रे जैत (१९७७) व उंबरठा (१९८२) यांत स्मिता पाटील यांनी या साच्यांबाहेरची स्वतंत्र बुद्धीची स्त्री उभी केली. मात्र पुण्यात वाढलेल्या या अभिनेत्रीला जैत रे जैतमधील ठाकर स्त्री अभ्यासाने आत्मसात करावी लागली होती. खेड्यातील मुलीने स्वतःच्या बोलीत, स्वतःच्या चालीने, कोणाची नक्कल न करता पडद्यावर वावरावे, असे मुख्य प्रवाहातील मराठी चित्रपटात क्वचितच घडले होते.

सैराटमधील आर्ची : अर्चना ऊर्फ आर्ची पाटील ही गावच्या बड्या राजकीय पुढाऱ्याची मुलगी, मच्छीमाराच्या मुलावर, परश्यावर, तिचे प्रेम बसते. (परश्याची भूमिका आकाश ठोसर यांनी केली.) चित्रपटाच्या पूर्वार्धात ती बुलेट गाडी व ट्रॅक्टर चालविते, पोहणाऱ्या मुलांना विहिरीतून बाहेर निघण्याचा हुकूम सोडते आणि पोलीस ठाण्यात बापाच्या देखत खोट्या तक्रारीला नकार देते. ही दृश्ये प्रेक्षकांनी डोक्यावर घेतली व तिची वाक्ये लोकांच्या तोंडी झाली. या लोकप्रियतेची कारणे सांगताना बहुतेकांनी आर्चीच्या धिटाईचा उल्लेख केला आहे. परंतु त्या धिटाईचे मूळ कोठे आहे, हे पाहणे आवश्यक आहे. आर्चीचा आत्मविश्वास बराचसा तिच्या घराण्याच्या सत्तेतून आलेला आहे. विहिरीतून मुले बाहेर येतात, ती पाटलाची मुलगी समोर उभी असल्यामुळे. रिंकू राजगुरू यांनी ही जाणीव कोठेही बोलून न दाखविता अभिनयात आणली आहे. मान किंचित वर ठेवून बोलणे, उत्तराची वाट न पाहता वळणे, समोरच्याकडे सरळ व न लाजता पाहणे या त्यांच्या लकबी निव्वळ अल्लड मुलीच्या नाहीत. ज्या मुलीला नकार ऐकण्याची सवय नाही, अशा मुलीच्या आहेत.

भूमिकेची खरी कसोटी उत्तरार्धात लागते. घर सोडून हैदराबादला आलेल्या आर्चीजवळ वडिलांचे नाव उरत नाही, ओळखीची भाषाही उरत नाही. झोपडपट्टीतील खोली, सार्वजनिक शौचालयाची किळस, कारखान्यातील काम, नवी भाषा शिकण्याची खटपट, परश्याचा संशय व त्याने उगारलेला हात यांतून तिला जावे लागते. या भागात गाणी थांबतात, वाक्ये तुटक होतात आणि अभिनेत्रीचा आवाज पूर्वार्धातील पट्टीवरून खाली येतो. घर सोडल्याचा पश्चात्ताप व परश्याविषयीची ओढ एकाच चेहऱ्यावर दाखविणे हे काम त्यांनी संयमाने केले आहे. अखेरीस भाऊ व नातेवाईक भेटवस्तू घेऊन दारात येतात, तेव्हा तिच्या चेहऱ्यावरील भीती, आनंद व माहेराची आशा यांचे मिश्रण पाहणाऱ्याला अस्वस्थ करते. कारण पुढे काय होणार याची कुणकुण त्याला लागलेली असते. पूर्वार्धाची लोकप्रियता चित्रपटाच्या व्यावसायिक यशाला कारण झाली असली, तरी अभिनय म्हणून उत्तरार्ध श्रेष्ठ आहे.

चित्रपट २९ एप्रिल २०१६ रोजी प्रदर्शित झाला. त्यापूर्वी बर्लिन येथील आंतरराष्ट्रीय महोत्सवात तो दाखविण्यात आला होता. तोपर्यंतच्या मराठी चित्रपटांत त्याने सर्वाधिक उत्पन्न मिळविले. काही ग्रामीण चित्रपटगृहांत मध्यरात्रीचे खेळ लावावे लागले. मनसु मल्लिगे (२०१७) या कन्नड आवृत्तीतही रिंकू राजगुरू यांनीच नायिकेची भूमिका केली. धडक (२०१८) ही हिंदी आवृत्ती राजस्थानातील उदयपूरमध्ये घडते व तीत जान्हवी कपूर नायिका आहेत. या दोन्ही आवृत्त्यांनी एक गोष्ट अप्रत्यक्षपणे सिद्ध केली. कथानक, गाण्यांच्या चाली, इतकेच नव्हे तर नायिकाही दुसऱ्या भाषेत नेता येते. आर्ची मात्र नेता येत नाही. तिचा निम्मा प्राण भीमाकाठच्या उच्चारात आहे. हिंदी आवृत्तीत जातीचा प्रश्नही पुसट झाल्याने नायिकेच्या धिटाईला मोल द्यावे लागत नाही आणि ती केवळ खेळकरपणा ठरते.

नंतरचे मराठी चित्रपट : पहिल्या यशानंतर अभिनेत्रीपुढे जो पेच उभा राहिला, तो चित्रपटव्यवसायाच्या मर्यादा दाखविणारा आहे. मकरंद माने दिग्दर्शित कागरमध्ये पुन्हा ग्रामीण राजकारण व तरुण प्रेम यांची सांगड होती. परिसर व भाषा ओळखीची असल्याने त्यांचा वावर सहज आहे. पण प्रेक्षकाला आधीच माहीत असलेल्या आर्चीची आठवण करून देणे, एवढेच काम पुष्कळ प्रसंगांनी त्यांच्यावर सोपविले आहे. गणेश पंडित दिग्दर्शित मेकअपमध्ये उलट टोक गाठले गेले. येथील बिनधास्त तरुणीचा मोकळेपणा पटकथेने बाह्य वर्तनातून दाखवावयास सांगितला आहे. आर्चीचा मोकळेपणा परिस्थितीतून आला होता. येथे त्याला परिस्थितीचा आधार नसल्यामुळे तो आविर्भाव वाटतो. त्या काळातील मराठी पटकथाकारांनी या अभिनेत्रीकडे व्यक्ती म्हणून न पाहता एका गाजलेल्या भूमिकेचा अवशेष म्हणून पाहिले, असे या दोन चित्रपटांवरून म्हणावे लागते. खुशबू सिन्हा दिग्दर्शित आठवा रंग प्रेमाचा हा आम्लहल्ल्याला बळी पडलेल्या तरुणीवरील चित्रपट विषयाच्या दृष्टीने धाडसी होता. चेहरा हेच ज्या व्यवसायाचे भांडवल, त्यात विद्रूप चेहऱ्याने वावरण्याची तयारी त्यांनी दाखविली, ही नोंद घेण्यासारखी गोष्ट आहे.

वेबमालिका व ओटीटी मंचांवरील कामगिरी : २०२० च्या एप्रिलमध्ये, करोना साथीच्या टाळेबंदीत चित्रपटगृहे बंद असताना, हंड्रेड ही वेबमालिका प्रसारित झाली. शंभर दिवसांचेच आयुष्य उरले आहे असे समजलेली नेत्रा पाटील ही मराठी तरुणी व तिला गुप्त कामगिरीत ओढणारी पोलीस अधिकारी (लारा दत्ता) यांची ही कथा होय. मालिकेची रचना विनोद व थरार यांत हेलकावे खाते. पण मृत्यूच्या सावलीतही आयुष्याची हौस न सोडणारी मुलगी रिंकू राजगुरू यांनी रडवेपणा टाळून रंगविली. मराठी वळणाची हिंदी येथे प्रथमच त्यांच्या कामी आली. मुंबईतील निम्नमध्यमवर्गीय मराठी घर त्या हिंदीमुळे खरे वाटते. अनपॉज्ड (२०२०) या लघुपटसंग्रहात तनिष्ठा चॅटर्जी यांनी दिग्दर्शित केलेल्या कथेत लिलेट दुबे यांच्यासमवेत त्यांनी काम केले. वयाचे मोठे अंतर असलेल्या दोन एकाकी स्त्रियांमधील जवळीक दाखविणाऱ्या या लघुपटात त्यांच्या अभिनयाचा एक नवा गुण पुढे आला : दुसऱ्याचे बोलणे ऐकत राहण्याचा.

या गुणाचा उत्तम आविष्कार अनकही कहानियाँ (२०२१) मधील अभिषेक चौबे दिग्दर्शित कथेत आढळतो. कन्नड कथाकार जयंत कायकिणी यांच्या कथेवर आधारलेल्या या लघुपटात मुंबईतील एका एकपडदा चित्रपटगृहात काम करणारा तरुण व तेथे चित्रपट पाहण्यास येणारी चाळीतील मुलगी यांचे अबोल नाते आहे. घरकामात पिचलेल्या या मुलीला दोन-तीन तासांचा अंधार हीच सुटका वाटते. रिंकू राजगुरू यांना येथे संवाद अगदी थोडे आहेत. पडद्याच्या उजेडात उजळणारा व घरी परतल्यावर विझणारा चेहरा एवढ्यावरच भूमिका उभी आहे. आर्ची जेथे गेली तेथे हुकूम देत गेली. ही मुलगी स्वतःसाठी एक खुर्ची व थोडा काळोख एवढेच मागते. दोन्ही व्यक्तिरेखा एकाच अभिनेत्रीने सारख्याच खरेपणाने साकारल्या, यावरून तिचा आवाका लक्षात येतो.

सार्थक दासगुप्ता दिग्दर्शित २०० हल्ला हो (२०२१) या चित्रपटाला नागपूर येथे १३ ऑगस्ट २००४ रोजी घडलेल्या घटनेचा आधार आहे. वर्षानुवर्षे अत्याचार करणाऱ्या गुंडाला कस्तुरबानगर वस्तीतील स्त्रियांच्या जमावाने न्यायालयाच्या आवारात ठार केले होते. वस्तीतून शिकून बाहेर पडलेली व परत येऊन स्त्रियांच्या बाजूने उभी राहणारी आशा सुर्वे ही व्यक्तिरेखा रिंकू राजगुरू यांनी केली. दलित स्त्रीचा संताप थेट शब्दांत मांडण्याची संधी त्यांना येथे मिळाली. अमोल पालेकर यांनी केलेल्या निवृत्त न्यायाधीशाच्या शांत, विचारी भूमिकेसमोर हा संताप मुद्दाम उभा केलेला आहे. काही प्रसंगांत संवादांना भाषणाचे रूप येऊन अभिनय एकसुरी होतो. तरीही जातीविषयी बोलताना आवाजात येणारी धार कृत्रिम वाटत नाही. सैराटमध्ये उच्च जातीच्या घराण्यातील मुलगी साकारणाऱ्या अभिनेत्रीने येथे त्याच व्यवस्थेची दुसरी बाजू दाखविली, हे ध्यानात घेतले पाहिजे.

मंजुळे यांच्याच झुंड या हिंदी चित्रपटात अमिताभ बच्चन मुख्य भूमिकेत असून रिंकू राजगुरू यांच्या वाट्याला मोनिका या आदिवासी फुटबॉलपटूची छोटी भूमिका आली. परदेशी जाण्यासाठी लागणारे पारपत्र मिळविताना आपण कोण आहोत हे कागदोपत्री सिद्ध करण्याकरिता या मुलीला व तिच्या बापाला कराव्या लागणाऱ्या खेपा, एवढाच तिचा कथाभाग आहे. नायिकेचा थाट येथे पूर्णपणे टाकून दिलेला आहे. मोजक्या प्रसंगांतील ही भूमिका त्यांच्या सर्वोत्कृष्ट कामांत गणली पाहिजे.

मूल्यमापन : वरील आढाव्यावरून रिंकू राजगुरू यांच्या कारकिर्दीतील एक विसंगती लक्षात येते. सैराट व झुंड वगळता त्यांचे सर्वांत परिपक्व काम हिंदीत व ओटीटी मंचांवर झाले. त्यांना घडविणारा व डोक्यावर घेणारा प्रेक्षक मात्र प्रामुख्याने ग्रामीण मराठी होता. ओटीटी मंचांनी त्यांना आर्चीच्या छायेतून बाहेर पडण्यास मोकळीक दिली. छोट्या कथेला तेथे जागा मिळते. पहिल्या आठवड्यातील तिकीटविक्रीचा धाक नसतो. नायिकेने गाजलेल्या वाक्यांची पुनरुक्ती करावी असा आग्रहही नसतो. हा लाभ मोठा आहे. परंतु तो विनामूल्य नाही. शिरूरच्या किंवा दौंडच्या प्रेक्षकाने सैराट शेकडो लोकांच्या सोबतीने पाहिला. शेवटच्या दृश्यानंतर सभागृहात पसरणारी शांतता हा त्या अनुभवाचाच भाग होता. वर्गणी भरून मोबाइलच्या पडद्यावर एकट्याने पाहिलेल्या लघुपटाला अशी शांतता लाभत नाही. ज्या गावांत जातीबाहेरच्या प्रेमाचा प्रश्न जिवंत आहे, तेथे चित्रपट एकत्र पाहिला जाणे व त्याविषयी चारचौघांत बोलले जाणे, यालाच सामाजिक मूल्य असते. अभिनेत्री कलावंत म्हणून वाढली, पण तिच्या वाढीचा साक्षीदार तिचा पहिला प्रेक्षक राहिला नाही, ही तिच्या कारकिर्दीची खंत आहे. आणि त्याची जबाबदारी अभिनेत्रीपेक्षा मराठी चित्रपटव्यवसायावर अधिक आहे.

भाषेच्या बाबतीतही हेच म्हणता येईल. प्रमाण मराठी व शहरी हिंदी अवगत करणे अभिनेत्रीला आवश्यकच होते आणि ते त्यांनी केले. परंतु मराठी चित्रपटाने ग्रामीण बोलीला पुन्हा विनोदाचे किंवा रांगडेपणाचे साधन मानले, तर आर्चीने मिळविलेली जागा हातची जाईल. सैराटमध्ये ही बोली प्रेम, राग, अपमान व भीती हे सर्व व्यक्त करण्यास पुरेशी ठरली होती. या दृष्टीने दीपक पाटील दिग्दर्शित आशा (२०२५) हा चित्रपट महत्त्वाचा होय. गावोगाव आरोग्याची कामे करणाऱ्या आशा स्वयंसेविकेची भूमिका रिंकू राजगुरू यांनी त्यात केली आहे. बाळंतिणीची नोंद, लहान मुलांचे लसीकरण व घरोघरच्या फेऱ्या यांत दिवस घालविणारी ही स्त्री भीमेच्या खोऱ्यातील प्रत्येक गावात आहे. पडद्यावर मात्र ती क्वचितच आली. घराण्याचा आधार नसलेली, कष्टाने मान मिळविणारी नायिका आणि खेड्यातील जीवन यांची गाठ येथे पुन्हा पडते.

तमाशाच्या बोर्डावरून आलेल्या नायिकेला मराठी प्रेक्षकाने दाद दिली. आर्चीला त्याने घरातील मुलगी म्हणून स्वीकारले. शिरूर-दौंडसारख्या तालुक्यांत, जेथे चौफुल्याची बैठक व साखर कारखान्याचे व्यासपीठ ही दोन्ही हाकेच्या अंतरावर आहेत, तेथे हा फरक लहान नव्हे. रिंकू राजगुरू यांचे स्थान त्यांच्या चित्रपटांच्या संख्येवरून किंवा उत्पन्नावरून ठरणार नाही. ग्रामीण मुलीला स्वतःचा आवाज देणारी पहिल्या फळीतील मराठी अभिनेत्री म्हणून ते सैराटने निश्चित केले आहे आणि नंतरच्या मितभाषी भूमिकांनी त्या आवाजामागील कलावंताची ओळख पटविली आहे.